ढोलीत शिकलेली गाणी

३ फेब्रुवारी

ती. मावशी,

नमस्कार. पाकिटावर माझं अक्षर बघून दचकली असशील, पण कोणी आजारी नाही आणि मी पुन्हा घरही बदललेलं नाही. फोनच करणार होतो. पण फोन आई उचलते, आणि तिने तुझ्या हातात दिलाच तरी तुझा आवाज माझ्यापर्यंत पोचत नाही. उभा जन्म कुजबुजण्यात घालवलास, आता नुसतं 'हॅलो' म्हणालीस तरी पलीकडे कोणी कागद चुरगळतंय असं वाटतं. शिवाय हे आईच्या कानावर जायला नको आहे. म्हणून पत्र.

तर अल्बम होतोय! परवा सही झाली. आईने गाजवलेल्या आठ आरिया, म्हणजे ऑपेरात बाकी सगळे गप्प होतात आणि ती एकटी पुढे येऊन गाते ना, ती गाणी. गाणारं मात्र कोणी नाही. माझा सॅक्सोफोन, सोबत पियानो, डबल बास आणि ड्रम. आमच्या जाझवाल्यांना ऑपेरा म्हणजे श्रीमंतांचा आरडाओरडा वाटतो आणि ऑपेरावाल्यांना आम्ही म्हणजे हॉटेलातला गोंगाट. दोघंही शिव्या घालणार. घालू देत.

कंपनीच्या मालकाची अट एकच. कव्हरवर आईने चार ओळी लिहायच्या, खाली सही. माझ्या नावावर काही खपत नाही हे त्याला ठाऊक आहे. आधीच्या तीन अल्बमचे खोके माझ्या खाटेशेजारी टेबल म्हणून उभे आहेत. आई फोनवर हो म्हणाली, पण तिचा हुकूम निघालाय: "पुरं झाल्याशिवाय मला एक सूरही ऐकवायचा नाही. अर्धं कच्चं मी चाखत नाही." आणि तिला आवडलं नाही तर ती लिहिणार नाही, पोटचा मुलगा असलो तरी. तिने लिहिलं नाही की अल्बम बारगळला. हॉटेलच्या लॉबीत वाजवायचं काम तर मी सोमवारीच सोडलं, मॅनेजरला चांगलं सुनावून. आता तिकडे कोणत्या तोंडाने जाऊ?

सोबत तीन गाण्यांची कच्ची सीडी आहे. आईच्या प्रत्येक प्रयोगाला तू स्टेजखालच्या ढोलीत बसून, कोणी अडू नये म्हणून, सगळ्यांना पुढचे शब्द कुजबुजून देत होतीस. तिच्यानंतर ती गाणी तुझ्याइतकी कोणाला येतात? ऐक आणि खरं काय ते सांग. इथे वातावरण ठीक नाही. बासवाला म्हणतो, "आम्ही दार वाजवायच्या आत तू घरात जाऊन बसलेला असतोस." रेकॉर्डिंगवाला म्हणतो, प्रत्येक ओळ सुरू करताना माझ्या जिभेचा 'टक्' असा आवाज येतो. माझे हातपाय एका जागी राहत नाहीत. सकाळपासून सॅक्सोफोनच्या तोंडाची रीड बदलतोय, खुर्ची बदलतोय, आता तीन रस्ते ओलांडून पेटीत पत्र टाकायला निघालोय.

लवकर लिही.

तुझा,
भुंग्या

१४ फेब्रुवारी

चि. भुंग्या,

आशीर्वाद. चाळिशी उलटली तरी पत्राखाली 'भुंग्या'च लिहितोस, बरं वाटलं. जेवतानाही गुणगुणायचास म्हणून ठेवलेलं नाव, आता त्याचीच कमाई खातोस.

सीडी ऐकली. ताई केस कापायला गेली होती. तिचं केस कापणं म्हणजे काय असतं तुला माहीत आहे, त्या पोरीला बिचारीला दीड तास व्याख्यान. तेवढ्यात तिन्ही गाणी ऐकली आणि सीडी शिवणाच्या डब्यात, दोऱ्याच्या रिळांखाली ठेवली. त्या डब्याला ताई जन्मात हात लावत नाही.

तुझा सूर गोल आहे. खालच्या सुरांत धाप लागल्यासारखं होत नाही, ते चांगलं. पण बासवाल्याचं खरं आहे. तू आधी येतोस. सगळीकडे. गायिका तालावर येते, तू तिच्या किंचित आधी येतोस. मागे सरक. आणि ते 'टक्' बंद कर, वाईट दिसतं. हे दोन्ही दुरुस्त केल्याशिवाय ताईला ऐकवू नकोस. बजावून सांगते आहे.

बाकी ठीक. लिफ्ट पुन्हा बंद आहे. चौथ्या मजल्यावर पाव चढवायला मी आणि माझे गुडघे. ताई खिडकीतून सूचना देते. परवा काचेचा एक पेला फुटला, त्यावरून आमचं दोन दिवस वाजलं.

तुझी,
मावशी

२० फेब्रुवारी

मावशी,

नमस्कार, पण रागातला.

तीन गाणी ऐकलीस आणि मला मिळालं काय, तर 'मागे सरक'? बसमध्ये कंडक्टर म्हणतो तसं? राणीच्या निरोपाचं गाणं ऐकूनसुद्धा तुला पाव आणि लिफ्ट सुचली?

सरकून बघितलं. चार दिवस दुसरं काही केलेलं नाही. भिंतीकडे तोंड करून वाजवलं, डोळे मिटून वाजवलं, ड्रमवाल्याला म्हटलं तू मान हलवशील तेव्हाच मी येतो. त्याने मान हलवायच्या आत मी आलेलो! तो काठ्या पिशवीत घालून चहाला गेला तो परत आलाच नाही, दुसऱ्या दिवशी समजूत काढून आणला. बरं, माझ्या इतर वाजवण्यात हे कुठेच नाही. हॉटेलात इतकी वर्षं वाजवलं, कोणी बोललं नाही. हीच गाणी लागली की माझ्या अंगात काय शिरतं कोण जाणे. आणि 'टक्' तर मला स्वतःला ऐकूही येत नाही.

माझं म्हणणं ऐक. मी आईचंच गाणं वाजवतोय. लहानपणापासून तेच कानात आहे. ती आधी येत असणार, आणि इतक्या वर्षांच्या सवयीने तुला ते आधी वाटेनासं झालं असणार. मी हे सिद्ध करून दाखवतो. ऑपेरा हाउसला लिहिलंय. आईच्या जुन्या प्रयोगांच्या टेप त्यांच्याकडे आहेत, थेट स्टेजवरून घेतलेल्या. राणीच्या निरोपाची पाठवतायत. मग बोलू.

भुंग्या

२७ फेब्रुवारी

चि. भुंग्या,

टेप मागवू नकोस. मागवली असशील तर आली तशी परत पाठव. त्या काळच्या टेप म्हणजे नुसती खरखर. स्टेजवर कोण चालतंय, कोण खोकतंय, सगळं त्यात येतं. ऐकण्यासारखं काही नसतं.

तू रागावलास, रागाव. पण तुझ्या रेकॉर्डिंगवाल्याला विचार, हल्ली म्हणे मशीनवर सगळं पुढेमागे सरकवता येतं. त्याच्याकडून सरकवून घे. तुला जमत नाही त्यात लाज कसली?

ताई रोज विचारते, पोराचं कुठवर आलं. कव्हरवर काय लिहायचं याची तालीम आरशासमोर चालू आहे. त्यात ते मुलाखतीतलं वाक्य पुन्हा येणार असं दिसतं: "इतक्या वर्षांत मला कधी कोणाला शब्द द्यावा लागला नाही." हे लक्षात घेऊन वाग, एवढंच सांगते.

मावशी

६ मार्च

मावशी,

टेप परत पाठवली नाही. ऐकली.

आधी मी एकटाच हेडफोन लावून ऐकत होतो. आई तालावर येते, अगदी तालावर. माझ्यासारखी आधी कुठेच नाही. आवाजही वेगळा, मोठा, झळाळता. माझा सॅक्सोफोन तसा वाजतच नाही, तो बसक्या आवाजात बोलल्यासारखा वाजतो. आईची गाणी म्हणून सगळ्या गावाला सांगत सुटलो, तर वाजवतोय ते आईचं नाहीच. मग कोणाचं?

तेवढ्यात रेकॉर्डिंगवाल्याने दुसरा हेडफोन कानाला लावला आणि म्हणाला, "हिच्या मागे अजून कोणीतरी आहे." त्याने आईचा आवाज खाली घेतला आणि खरखर वर आणली. खरखरीत एक 'टक्' आला. जिभेचा. त्याच्या मागोमाग कुजबुज, ओळीचे पहिले दोन शब्द, आणि मग आई. पुढची ओळ, पुन्हा 'टक्', कुजबुज, आई. शेवटच्या ओळीपर्यंत तसंच. त्याने माझं रेकॉर्डिंग त्याच्यावर ठेवलं. मावशी, माझा सॅक्सोफोन आणि तू एका वेळी आत येता. एका वेळी! तो 'टक्'सुद्धा एकावर एक बसतो.

मी उठून खोलीत फेऱ्या मारायला लागलो. हेडफोनची वायर गळ्यात, मशीन टेबलावरून खाली यायचंच बाकी होतं.

मग सगळं आठवलं. बाबा कामासाठी बाहेरगावी असायचे, घरी मला ठेवायचं कोणापाशी? म्हणून तू मला ढोलीत घेऊन जायचीस. स्टेजच्या पुढच्या कडेला जमिनीत खणलेला तो खड्डा, प्रेक्षकांकडून वर झाकण, खुर्ची एकच. मी तुझ्या पायाशी बसायचो, पाठ तुझ्या गुडघ्यांना टेकून. तिथून आई दिसायचीच कुठे? तिचे बूट दिसायचे. कुठलं गाणं आलं ते मी बुटांवरून ओळखायचो, राणीचे काळे, धोबिणीचे टाचा झिजलेले. आणि तिचा आवाज तर डोक्यावरून थेट लोकांकडे निघून जायचा. मला ऐकू यायचीस तू.

तू पहिल्याच दिवशी ओळखलंस ना? म्हणून 'मागे सरक'. पेला कोणाच्या हातून फुटला तेही आता कळलं.

मी काही सरकवणार नाही. सगळं आहे तसं राहणार, आणि कव्हरवर तुझं नाव येणार, आईच्या नावाएवढ्या अक्षरांत. मालकाला आजच सांगतो.

तुझा,
भुंग्या

१३ मार्च

भुंग्या,

मालकाला सांगितलं असशील तर परत जा आणि नाही म्हणून सांग. हे पत्र उभ्यानेच लिहिते आहे, बसवत नाही.

हो, ओळखलं. पहिल्या ओळीलाच ओळखलं. पेला धुता धुता हातातून गेला आणि मी काचा न भरता तशीच उभी राहिले. मला मूलबाळ नाही. माझा आवाज ढोलीबाहेर कोणी ऐकलेला नाही, ऐकू नये यासाठीच मला पगार मिळत होता. तो आवाज असा तुझ्या वाद्यातून मोठा होऊन आला. मला किती आनंद झाला ते मी तुला सांगणार नव्हते. आता सांगते आहे, एकदाच.

पण तो माझा आनंद माझ्याजवळ राहू दे. ताईचं काय होईल याचा विचार कर. तिला शब्द लागत नव्हते हे खरंच आहे. मी देत होते ते नियम म्हणून, सगळ्यांना देतात तसे. ती कधी खाली बघायचीसुद्धा नाही. माझं कुजबुजणं तिने ऐकलंही नसेल. पण लोक असा विचार करत नाहीत. ज्यांना ऑपेरातलं कळतं त्यांनी तुझा अल्बम ऐकला की ते म्हणणार, हे प्रॉम्प्टरचं येणं आहे, म्हणजे बाईंना शब्द द्यावे लागत होते तर. तिच्याकडे आता गाणं नाही, प्रयोग नाही. चार पायऱ्या चढली की दम लागतो. उरलं आहे ते एवढंच वाक्य, आणि ते मी तिच्याकडून हिसकावून घेऊ? तेही तिच्याच मुलाच्या हातून?

माझ्यावर थोडीफार माया असेल तर मशीनवर सरकव, आणि माझं नाव कुठेही घालू नकोस. नाहीतर मला पत्र लिहू नकोस.

मावशी

२५ मार्च

ती. मावशी,

तुझ्या मनासारखं झालं. रेकॉर्डिंगवाल्याने एका दुपारीत आठही गाणी मागे सरकवली. 'टक्' एकेक करून पुसले. बासवाला खूश, मालक खूश. आईच्या नावाने आज पार्सल केलं.

मी ते दोनदा ऐकलं. इस्त्री करून हँगरला लावलेल्या शर्टासारखं वाटतं, सुरकुती कुठेच नाही आणि आत माणूसही नाही. पण तू म्हणालीस आणि मी केलं. आता आईच्या चार ओळी येईपर्यंत मी काय करू ते सांग. काल शहराच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत गेलो, नदीवरचा पूल आला तेव्हा कळलं की सॅक्सोफोन स्टुडिओतच राहिलाय.

भुंग्या

४ एप्रिल

चि. भुंग्यास,

हे पत्र आईचं आहे, अक्षर बघून कळलंच असेल. तुझी मावशी दाताच्या डॉक्टरकडे गेली आहे, तेवढ्या वेळात लिहून मी स्वतः पेटीत टाकणार आहे. चार मजले उतरून आणि चढून. यावरून काय ते समज.

तुझं पार्सल मिळालं. ऐकलं. चार ओळी काय, मी त्यावर अर्धी ओळसुद्धा लिहिणार नाही. स्वच्छ आहे, सुरात आहे, आणि मेलेलं आहे. पहिल्याच गाण्याला माझ्या मनात आलं, हे याने वाजवलेलं नाही, कोणीतरी याच्या हाताला धरून वाजवून घेतलंय.

मग मी तुझ्या मावशीच्या शिवणाच्या डब्यातली सीडी ऐकली. त्यात ती आहे हे मला फेब्रुवारीपासून माहीत आहे. ती डबा अशी कुशीत घेऊन घरभर फिरायला लागली तर आंधळ्यालाही कळेल. तुला दोघींनी मिळून वाढवलं, तरी आमच्यापासून काही लपवता येतं असं तुला वाटावं, याचं मला नवल वाटलं.

ती सीडी मी ऐकली आणि खुर्ची धरून बसले. ते तिचं येणं आहे. मला सांगायला कोणी नको. जिभेच्या टाळीसकट.

आता नीट वाच. मला कधी शब्द द्यावा लागला नाही हे मी सगळ्यांना सांगते, आणि ते खरं आहे. शब्द मला पाठ होते, झोपेतून उठवलं असतं तरी म्हटले असते. पण पहिल्याच वर्षी एकदा मी पुढे आले, पाचशे डोळे माझ्यावर, आणि माझं तोंडच उघडेना. जबडा दगड झाला. तेव्हा खालून 'टक्' झालं, तिने दोन शब्द म्हटले, आणि माझं तोंड उघडलं. त्यानंतर तो आवाज आल्याशिवाय मी एकही ओळ सुरू केलेली नाही. एकही. मी खाली बघत नसे, कारण बघितलं असतं तर लोकांना कळलं असतं.

परगावची बोलावणी येत, मोठमोठी. मी नाही म्हणायचे. लोक म्हणत, बाईला गर्व चढलाय. म्हणू दिलं. तिथल्या ढोलीत ती नसणार होती, मग मी जाऊन काय करणार होते? तिने रजा मागितली की मी घर डोक्यावर घ्यायचे. तिला अजून वाटतं, ताई शिस्तीची फार कडक. आणि तिचे गुडघे गेले, तिला त्या खड्ड्यात उतरवेना, तेव्हा मी त्याच महिन्यात जाहीर केलं की मला गाण्याचा कंटाळा आलाय. मला गाण्याचा कंटाळा आला नव्हता रे.

तेव्हा जे जिथे होतं ते तिथे परत ठेव. सगळं. 'टक्'सुद्धा. ते ठेवलंस तरच मी लिहीन. सोबतच्या कागदावर लिहून ठेवलं आहे, तसंच छाप, माझं एक अक्षर इकडचं तिकडे करायचं नाही.

आणि यातलं काही तुझ्या मावशीला सांगायचं नाही. कळलं तर ती माझ्या डोक्यावर बसेल आणि मला आयुष्यभर ऐकून घ्यावं लागेल. हे पत्र वाचून फाड.

तुझी,
आई

(सोबतच्या कागदावर:) ही गाणी माझा मुलगा आमच्या घरात शिकला. ती अशीच म्हणायची असतात.

१९ जून

चि. भुंग्या,

अनेक आशीर्वाद. तुझ्यावर रागावायचं म्हणून इतके दिवस पत्र लिहिलं नाही. अल्बम आला आणि बघते तर सगळं जसंच्या तसं. 'टक्'सुद्धा. मला दिलेला शब्द मोडलास. पण देवाची कृपा, ताईच्या काही लक्षात आलं नाही. तिने ऐकलं, मान डोलावली, आणि "जरा घाई करतो, बापावर गेलाय" एवढंच म्हणाली. कव्हरवर तिने ते मुलाखतीतलं वाक्य लिहिलं नाही याचं मात्र मला आश्चर्य वाटलं. विचारलं तर म्हणाली, जागा कमी होती.

आता अल्बमच्या परवाच्या कार्यक्रमाबद्दल. तुझा निरोप न घेता आम्ही निघालो. शेवटची गाडी चुकली असती, आणि मला तुझ्यासमोर उभं राहवलंही नसतं.

मी पहिल्यांदाच समोर बसले, भुंग्या. ऑपेरा हाउसमध्ये सगळा जन्म गेला, पण प्रेक्षकांच्या खुर्चीत मी कधी बसले नव्हते. दुसरी रांग. खुर्ची मऊ, पाय लांब करता येतात. मला काही केल्या बसवेना. पिशवी या मांडीवरून त्या मांडीवर. ताई म्हणाली, "चुळबुळ थांबव, लोक बघतायत." लोक तिच्याकडे बघत होते, तिने तो फर लावलेला कोट घातला होता, जून महिन्यात.

सात गाणी झाली. काय वाजवलंस ते मी लिहीत नाही, एकदा लिहून झालं आहे. मग राणीचा निरोप. पियानो वाजला, बास आला, तुझी वेळ आली, तू सॅक्सोफोन तोंडाला लावलास आणि काही वाजलंच नाही. तू तसाच उभा. पियानोवाल्याने तेवढाच भाग पुन्हा वाजवला. तरी नाही. ड्रमवाला तुझ्याकडे बघायला लागला. मी समोर बसले आहे, ढोलीत नाही, हे विसरून माझी जीभ टाळूला लागली होती. पण माझ्या आधी शेजारून आवाज आला.

'टक्.'

आणि राणीच्या ओळीचे पहिले दोन शब्द. ताईने दिले. ताईला कुजबुजता येत नाही, तिला ते कोणी शिकवलंच नाही, तेव्हा अख्ख्या सभागृहाने ऐकले. मागे कोणीतरी हसलंसुद्धा. आणि तू सुरू केलंस.

तिने मान वळवली नाही. समोर बघत होती, हनुवटी वर. पण ते तालाच्या किंचित आधी होतं, भुंग्या, जितकं आधी मी देत असे तितकंच. आणि पहिल्या शब्दाचा शेवट मी जसा गिळत असे तसा गिळलेला. ही माझी खोड आहे, पुस्तकात लिहिलेली नाही, मी कोणाला शिकवलेली नाही. ती वर उभं राहून ऐकल्याशिवाय कोणाला येणार नाही.

म्हणजे ती ऐकत होती. इतकी वर्षं, प्रत्येक ओळीला. मी गाडीत खिडकीकडे तोंड करून बसले आणि घर येईपर्यंत रडले. ती म्हणाली, "काय गं, डोळ्यात काही गेलं का?" मी हो म्हटलं.

तेव्हापासून घरात राहणं कठीण झालं आहे. पाववाला, केस कापणारी पोरगी, लिफ्ट दुरुस्त करायला आलेला मनुष्य, सगळ्यांना सांगून झालं: "पोरगा ऐन वेळी विसरला. मी होते म्हणून निभावलं." सॅक्सोफोनला शब्द कशाला लागतात असं त्या लिफ्टवाल्याने विचारलं. मी त्याला चहा देऊन गप्प केलं.

तब्येत सांभाळ. पुढच्या वेळी विसरू नकोस, माझं वय झालं आता.

तुझी,
मावशी

२४ जून

ती. मावशी,

नमस्कार. आज घाईत नाही. अल्बम खपतोय, मालकाने आणखी एक मागितलाय, हॉटेलच्या मॅनेजरने फुलं पाठवली. पण हे सगळं नंतर.

मी विसरलो नव्हतो.

मी थांबलो होतो. तुम्ही दोघी समोर बसला होतात. आईने मला एक गोष्ट सांगितली होती आणि तुला सांगायची नाही म्हणून बजावलं होतं. माझ्या तोंडून सांगता येत नव्हती, म्हणून म्हटलं, तिची तिलाच सांगू दे. ती बोलेल की नाही माहीत नव्हतं. पियानोवाल्याने दुसऱ्यांदा वाजवलं तेव्हा म्हटलं, आता आपलं हसं होणार. तेवढ्यात तिचा 'टक्' आला.

यातलं आईला काही सांगू नकोस. तिने तुला विचारलं, तर मी खरंच विसरलो होतो.

तुझा,
भुंग्या